पहार घेतलेली पलटण

आदिलाबादहून किनवट, भोकर करत मुदखेडला जाणारी लाइन सुमारे १६० किलोमीटरची आहे. तिच्या एका तुकड्यावर माझी सगळी नोकरी गेली. आधी ती मीटरगेज होती, २००८च्या सुमारास ब्रॉडगेज झाली. आमच्या गँगमध्ये मराठी, तेलुगू आणि गोंडी या तिन्ही भाषा चालायच्या, पण रूळ सरकवताना द्यायचा हाकारा सगळ्यांचा एकच असायचा.

रूळ एकदा टाकले की झालं, असं पाहणाऱ्याला वाटतं. आमचा सगळा भाग काळ्या मातीचा, कपाशीचा. ही माती पावसात फुगते आणि उन्हाळ्यात भेगाळते. वरच्या भरावाला तिच्यासोबत हलावंच लागतं. सकाळी सरळ असलेला रूळ आठवड्याने एका बाजूला दबलेला सापडतो. मग जॅक लावून तो उचलायचा, स्लीपरखाली खडी ठासायची, रुळांचे सांधे जोडणाऱ्या फिशप्लेटचे बोल्ट आवळायचे, गेज तपासायचा. पावसाळ्यात रात्रभर कंदील आणि फटाके घेऊन गस्त घालायची. हे फटाके म्हणजे रुळावर बांधायचे आवाजाचे गोळे. पुढे धोका असेल तर ते लावायचे; चाकाखाली ते फुटतात आणि ड्रायव्हर गाडी थांबवतो. हे काम कधीच संपत नाही. ते नीट झालं तर कुणाला दिसतही नाही, कारण गाडी वेळेवर जाते एवढंच दिसतं.

नोकरीतली बरीच वर्षं मी दरवर्षी काही आठवडे वर्दीतही असायचो. प्रादेशिक सेना, म्हणजे टेरिटोरियल आर्मी, ही १९४९ साली उभी राहिली. देशाचे पहिले भारतीय गव्हर्नर जनरल चक्रवर्ती राजगोपालाचारी यांनी त्या वर्षी ९ ऑक्टोबरला तिचं औपचारिक उद्घाटन केलं. तिच्यात रेल्वेच्या माणसांच्या वेगळ्या रेजिमेंट होत्या. एरवी आपापल्या जागी ड्रायव्हर, गार्ड, फिटर, पॉइंट्समन किंवा गँगमन म्हणून काम करणारी माणसं शिबिराला बोलावली जायची. त्यांना कवायत आणि बंदूक शिकवायचे आणि मग मूळचंच काम लष्करी रीतीने करायला लावायचे. आमच्याकडची माणसं सिकंदराबादला जायची. तिथे माझ्या हातात बंदुकीपेक्षा पहारच जास्त वेळ असे. माझी रेल्वेची नोकरी एका फार जुन्या लष्करी परंपरेचा भाग आहे, हे मला तिथे पहिल्यांदा नीट कळलं. त्या परंपरेबद्दल मराठीत फारसं बोललं जात नाही, म्हणून हा लेख.

फौजेला रेल्वे का लागते, हे बैलगाडीचा हिशोब मांडला की पटतं. बैल, उंट, खेचर हे ओझं वाहतात, पण रोज खातातही. मुक्काम लांबला की वाटेत त्यांनाच लागणारा चारा त्यांच्याच पाठीवर चढवावा लागतो. एका ठरावीक अंतरापलीकडे जनावर स्वतःच्या पोटापुरतंच वाहतं आणि पुढच्या शिपायाला काही उरत नाही. हजारो माणसांच्या फौजेला रोज धान्य, दारूगोळा, औषधं आणि पाणी लागतं, आणि उलट दिशेने जखमींना मागे आणावं लागतं. एवढं ओझं रोज न चुकता फक्त आगगाडीच नेऊ शकत होती. म्हणून एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापासून प्रत्येक मोठ्या फौजेमागे रूळ येऊ लागले. १८५५ साली क्रिमियात बालाक्लावा बंदरापासून वरच्या मोर्चांपर्यंत लाइन टाकली ती इंग्लंडहून आणलेल्या ठेकेदाराच्या मजुरांनी. ठेकेदाराचा माणूस लाइन पटकन टाकतो, पण तोफगोळे पडू लागले की तो तिथे राहीलच असं कुणी सांगू शकत नाही. हुकूम दिला की थांबणारा माणूस हवा होता, म्हणून पहार शिपायाच्या हातात आली.

आपल्या उपखंडात फौजेमागे रूळ नेण्याचा पहिला मोठा प्रयोग झाला तो दुसऱ्या अफगाण युद्धात. सिंधमधल्या रुकपासून सिबीपर्यंतचे १३३ मैल, म्हणजे जवळपास २१४ किलोमीटर, ऑक्टोबर १८७९ ते जानेवारी १८८० या काळात १०१ दिवसांत टाकले गेले. दिवसाला दोन किलोमीटरहून जास्त. मी आयुष्यभर रूळ हाताळले आहेत, म्हणून या आकड्याचं वजन मला खांद्यावर जाणवतं. मीटरगेजचा साठ पौंडी रूळ घेतला, तरी मीटरमागे तीस किलो भरतो. बारा मीटरचा एक तुकडा साडेतीनशे किलोंच्या पुढे जातो. एका किलोमीटरला असे दीडशेहून जास्त तुकडे लागतात आणि हजाराच्या वर स्लीपर. रुक–सिबी तर ब्रॉडगेज होती, तिचं सामान याहून जड. वर कच्छीचं ते मैदान उजाड आणि निर्जल, माणसांचं पाणीसुद्धा मागून आणावं लागे.

सुदानमध्ये १८९७ साली पर्सी जिरुआर नावाच्या तरुण कॅनेडियन इंजिनियर अधिकाऱ्याने वाडी हाल्फापासून अबू हमेदपर्यंत सरळ वाळवंटातून सुमारे ३७० किलोमीटरची लाइन त्याच वर्षाच्या ऑक्टोबरअखेर पुरी केली. तिथेही प्रश्न पाण्याचाच होता. वाफेच्या इंजिनाला कोळशाबरोबर पाणीही लागतं. लाइन जसजशी पुढे जाईल तसतसं इंजिन आपल्याच मागे पाण्याच्या टाक्या ओढत नेतं. वाटेत दोन ठिकाणी विहिरींना पाणी लागलं नसतं, तर ती लाइन अर्ध्यातच अडली असती. युद्धाच्या इतिहासात या विहिरींना लढाईइतकी जागा मिळायला हवी, असं मला मनापासून वाटतं.

हे सारे विक्रम लाइन टाकण्याचे झाले. रूळ नसले तर काय होतं, ते मराठी घरांनी मेसोपोटेमियात सोसलं.

पहिल्या महायुद्धात मेसोपोटेमियात, म्हणजे आजच्या इराकमध्ये, गेलेली मुख्य फौज होती सहावी पुणे डिव्हिजन. तिच्यात १०३वी, ११०वी आणि ११७वी या मराठा पलटणी होत्या, आणि खडकीच्या सॅपर्सच्या, म्हणजे लष्करी इंजिनियरांच्या, कंपन्याही होत्या. ही फौज बसऱ्याहून तिग्रिस नदीच्या काठाने बगदादच्या दिशेने शेकडो किलोमीटर वर गेली. रूळ नव्हते, रस्ता म्हणावा असा रस्ता नव्हता. सगळी भिस्त नदीतल्या उथळ बोटींवर होती, आणि बोटी कमी होत्या. नोव्हेंबर १९१५मध्ये बगदादच्या अलीकडे टेसिफोनला तुर्कांसमोर फौज अडली, मागे फिरली आणि कुत-अल-अमारा या गावात वेढली गेली. वेढा जवळपास पाच महिने चालला. सोडवायला निघालेल्या फौजेतली तेवीस हजारांच्या आसपास माणसं मेली किंवा जखमी झाली. त्याच काळात भारतातून आलेली कुमक बसऱ्याला पडून होती, कारण तिला वर न्यायला वाहतूक नव्हती. अखेर २९ एप्रिल १९१६ रोजी सुमारे तेरा हजार माणसांनी शरणागती पत्करली. त्यांतले कित्येक कैदेत गेले ते परत आलेच नाहीत.

शरणागतीच्या काही दिवस आधी शेवटचा प्रयत्न म्हणून ‘जुल्नार’ नावाची बोट २७० टन अन्नसामग्री घेऊन वेढा फोडायला निघाली. रात्रीच्या अंधारात ती तुर्कांच्या हाती पडली.

२७० टन. मी हा आकडा पहिल्यांदा वाचला तेव्हा हातातली वही बाजूला ठेवून हिशोब मांडला. मीटरगेजच्या त्या काळच्या डब्यात साधारण पंधरा टन माल बसायचा. म्हणजे अठरा डबे, एक लहान मालगाडी. आमच्या लाइनवर तेवढी गाडी एक इंजिन सहज ओढत असे आणि फलाटावरच्या माणसाने तिच्याकडे मान वळवूनही पाहिलं नसतं. हजारो माणसांचा जीव त्या एका गाडीएवढ्या मालावर टांगलेला होता. सातारा, रत्नागिरी, कोल्हापूर, नगर इथल्या गावागावांत पहिल्या महायुद्धात गेलेल्यांच्या संख्येच्या संगमरवरी पाट्या आहेत. तशी पाटी दिसली की मला ते अठरा डबे आठवतात.

कुत पडल्यावर डोळे उघडले. मेसोपोटेमियातल्या वाहतुकीच्या आणि औषधोपचाराच्या हलाखीची चौकशी झाली आणि १९१७मध्ये तिचा अहवाल पार्लमेंटपुढे आला. पण अहवालाची वाट न पाहता रूळ निघाले होते. ते आले आपल्याकडून. भारतातल्या मीटरगेजचे रूळ, स्लीपर, इंजिनं आणि डबे बोटीत घालून बसऱ्याला उतरवले गेले. १९१६ संपता संपता बसरा ते नासिरिया लाइन सुरू झाली. मार्च १९१७मध्ये बगदाद ब्रिटिशांच्या हाती आलं आणि त्याच उन्हाळ्यात कुत ते बगदाद लाइन जोडली गेली. जिथे वर्षापूर्वी पुणे डिव्हिजन उपाशी बसली होती, तिथून मालगाड्या जाऊ लागल्या.

या लाइनी टाकणारी आणि चालवणारी माणसं बरीचशी भारतीय होती. सॅपर्स अँड मायनर्सच्या रेल्वे कंपन्या होत्या. आपल्या रेल्वे कंपन्यांतून गेलेले ड्रायव्हर, स्टेशन मास्तर, फिटर होते. मजूर पलटणी होत्या. शिक्षेत सूट मिळेल या अटीवर तुरुंगांतून नेलेले कैदीही होते. पन्नास अंशांच्या जवळ जाणाऱ्या उन्हात रूळ हाताने धरवत नाही. आमच्या इथे मे महिन्यात आम्ही पहाटेच काम उरकायचो आणि दुपारी फक्त गस्त ठेवायचो, कारण तापलेला रूळ कधी वाकडा होईल ते सांगता येत नाही. त्या माणसांना अशी सवलत मिळाली असेल असं मला वाटत नाही. त्यांची नावं फारशी कुठे लागलेली नाहीत. त्यांनी नेलेलं मीटरगेजचं माप मात्र इराकमध्ये युद्ध संपल्यावरही कित्येक दशकं टिकलं. बसरा–बगदाद गाडी आमच्या मुदखेड–आदिलाबाद गाडीच्याच गेजवर धावत होती.

दुसऱ्या महायुद्धात हाच प्रकार याहून मोठ्या प्रमाणावर झाला. भारतातल्या काही शाखा लाइनी उखडून त्यांचं सामान युद्धाला दिलं गेलं. केरळातली शोरनूर–निलंबूर लाइन अशीच १९४१ साली काढली आणि स्वातंत्र्यानंतर पुन्हा टाकली. कांगडा खोऱ्यातला नगरोट्यापुढचा तुकडाही युद्धात गेला आणि १९५४ साली परत आला. ज्या गावाची गाडी एका सकाळी बंद होते आणि रूळही निघून जातात, त्या गावाने युद्धाला काय दिलं याची मोजदाद कुणी ठेवत नाही.

त्या युद्धातली माझ्या लेखी सर्वांत महत्त्वाची लाइन म्हणजे बंगाल–आसाम रेल्वे. मुळात ती चहाच्या मळ्यांसाठी होती. एकेरी मीटरगेज, वळणं, पूल, अतोनात पाऊस. कलकत्त्याहून ब्रॉडगेजने आलेला माल पार्वतीपूरला हमालांनी एका डब्यातून काढून दुसऱ्या डब्यात भरायचा. पुढे ब्रह्मपुत्रेवर पूल नव्हता, म्हणून अमिनगाव ते पांडू असे डबे तराफ्यावरून पलीकडे न्यायचे. मग लमडिंग, दिमापूर, तिनसुकिया करत थेट लेडोपर्यंत. जपानने ब्रह्मदेश घेतल्यावर आसामातली चौदावी आर्मी, चीनकडे विमानं पाठवणारे विमानतळ आणि लेडोहून निघणारा नवा रस्ता या सगळ्यांचा भार या एका लाइनवर आला. ती तुंबली. १ मार्च १९४४ रोजी कटिहार ते लेडो हा ८०४ मैलांचा भाग अमेरिकन लष्कराच्या रेल्वे बटालियननी हातात घेतला. हे सैनिक मूळचे अमेरिकेतल्या रेल्वे कंपन्यांचेच ड्रायव्हर, यार्डमास्तर आणि फिटर होते. त्यांनी जागोजागी लूप लांबवले, लांब गाड्या जोडल्या आणि अमेरिकेत या गेजसाठी बांधलेली ताकदवान इंजिनं आणली. वाहतूक काही महिन्यांतच झपाट्याने वाढली. हे श्रेय त्यांना द्यायलाच हवं. पण त्या लाइनवरचे हजारो भारतीय कामगारही होते तिथेच. सांधे बदलणारे, इंजिनात कोळसा टाकणारे, पावसात भराव धरून ठेवणारे तेच होते, आणि अमेरिकन पुस्तकांत त्यांचा उल्लेख एका वाक्यात उरकतो.

लाइन लष्कराकडे गेली त्याच महिन्यात जपानी फौज मणिपूरकडे सरकली. मार्चअखेर सांगशाकला पन्नासाव्या पॅराशूट ब्रिगेडने तिला काही दिवस रोखलं. त्या ब्रिगेडसोबत पाचव्या मराठा लाइट इन्फंट्रीची चौथी बटालियन होती आणि तिचं फार नुकसान झालं. एप्रिलमध्ये जपानी कोहिम्याला पोचले. तिथून दिमापूरचं स्टेशन सत्तर-पंचाहत्तर किलोमीटरवर. दिमापूर गेलं असतं तर ती लाइन तुटली असती, आणि लाइन तुटली असती तर पुढच्या सगळ्या फौजेची रसद थांबली असती. सांगशाकच्या टेकडीवरच्या मराठा शिपायाने दिलेले ते दिवस खाली रुळांवर वापरले गेले. त्या दिवसांत लाइनवरून नवी पलटण आणि दारूगोळा दिमापूरला उतरत होता. मराठा रेजिमेंटचा इतिहास आणि रेल्वेचा इतिहास वेगवेगळ्या कपाटांत ठेवला जातो, म्हणून हा दुवा कुणाच्या सहसा ध्यानात येत नाही.

पुढे ब्रह्मदेशात मोगाऊंगच्या बाजूला रूळ होते पण धड इंजिनं उरली नव्हती. तिथे जीपगाड्यांची रबरी चाकं काढून रुळावरची चाकं बसवली आणि जीपनेच डबे ओढले. आम्हा लाइनवाल्यांना हे ऐकून आश्चर्य वाटत नाही. रूळ शाबूत असला की त्यावर काहीतरी धावतंच.

स्वातंत्र्यानंतरचा सर्वांत जड प्रसंग राजस्थानातला. बाडमेरहून मुनाबावकडे, म्हणजे पाकिस्तानच्या सीमेकडे जाणारी लाइन तेव्हा मीटरगेजच होती. १९६५च्या युद्धात तिकडच्या आघाडीचा दारूगोळा आणि धान्य याच लाइनने जात होतं, कारण वाळूत ट्रक रुतत होते. ९ सप्टेंबर १९६५ रोजी गडरा रोडजवळ पाकिस्तानी विमानांनी तिच्यावर हल्ला केला. मार्ग दुरुस्त करून रसद पुढे नेण्याच्या त्या कामात सतरा रेल्वे कर्मचारी मारले गेले. गाडी चालवणारी आणि लाइन सांभाळणारी माणसं होती ती. गडरा रोडला त्यांचं स्मारक आहे आणि दरवर्षी ९ सप्टेंबरला तिथे लोक जमतात. १९७१मध्ये आपली फौज याच बाजूने सिंधमध्ये नया छोरच्या जवळ गेली, तेव्हा मुनाबाव आणि खोखरापार यांच्यामधली लाइन जोडून गाड्या पुढे नेण्यात आल्या. सहा वर्षांपूर्वी ज्या लाइनवर ती सतरा माणसं पडली, तिच्याच पुढच्या टोकाला रूळ जोडले गेले.

शिबिरात गडरा रोडची गोष्ट सांगितली जायची, आणि सांगायला हवीच. गँगमनच्या मनात एक प्रश्न नेहमी असतो. गोळी झाडता न येणारा मी युद्धात काय करणार? सायडिंगवर दारूगोळ्याचे डबे उभे आहेत, वर विमानं आहेत, पुढचा रूळ उखडला आहे. अशा वेळी जॅक, पहार आणि नवा रूळ घेऊन पुढे जाणारी सहा-आठ माणसं नसतील, तर बाकीच्या फौजेला काहीच करता येत नाही. यापेक्षा सोपं उत्तर मला कधी सापडलं नाही.

या वर्दीची एक अवघड बाजूही आहे. मे १९७४च्या देशव्यापी रेल्वे संपात प्रादेशिक सेनेच्या रेल्वे तुकड्यांना गाड्या चालवायला बोलावलं गेलं. कालपर्यंत ज्यांच्यासोबत एका डब्यात जेवलो, त्यांच्या संपाच्या काळात आज वर्दी चढवून इंजिनावर उभं राहायचं. माझ्या आधीच्या पिढीतल्या माणसांकडून मी हे ऐकलं आहे. काहींनी ते देशाचं काम मानलं, काहींना त्याचा सल अखेरपर्यंत राहिला. दोघेही प्रामाणिक होते. युद्धासाठी उभी केलेली फौज आपल्याच सहकाऱ्यांच्या संपात वापरू नये, असं माझं स्वतःचं मत आहे आणि ते मी नोकरीत असतानाही बोलून दाखवत असे.

अलीकडे प्रादेशिक सेनेतल्या या रेल्वे रेजिमेंटपैकी बहुतेक बंद करायचं ठरलं. सहापैकी जमालपूरची एक ठेवायची आणि झाशी, कोटा, आद्रा, चंदीगड, सिकंदराबाद इथल्या बंद करायच्या. कारण समजण्यासारखं आहे. आता विजेची इंजिनं आहेत, संगणकावरचे सिग्नल आहेत, लष्कराकडे रस्ते आणि विमानं आहेत, आणि रेल्वेच्या रोजच्या कामातून माणूस महिनाभर सोडणं कुणालाच परवडत नाही. तरी मला हा निर्णय घाईचा वाटतो. विजेची तार तुटली की नव्या लाइनवर गाडी जागची हलत नाही. जुन्या मीटरगेजवर पहार घेतलेली आठ माणसं जे तासाभरात उरकत, त्याला आज क्रेन, वेल्डिंग आणि यंत्रं लागतात. स्लीपर सिमेंटचे झाले, रूळ दुप्पट जड झाले. अशा लाइनची शत्रूच्या माऱ्याखाली दुरुस्ती कशी करायची, याचा सराव पूर्वीपेक्षा आज जास्त हवा.

जमालपूरची रेजिमेंट ठेवली ती न्यू जलपायगुडी, सिलिगुडी, न्यू माल, अलीपूरद्वार, रंगिया या ३६१ किलोमीटरच्या पट्ट्यासाठी. नकाशावर तो पट्टा पाहा. एका बाजूला बांगलादेश, दुसऱ्या बाजूला नेपाळ आणि भूतान, आणि मधल्या चिंचोळ्या भागातून सगळ्या ईशान्य भारताचं धान्य, पेट्रोल आणि फौज जाते. १९४४ साली कटिहारहून लेडोकडे माल गेला तो याच मुलखातून. फाळणीत जुना मार्ग पूर्व पाकिस्तानात गेला, नवा जोडमार्ग टाकावा लागला, गेज बदललं. त्या पट्ट्यावरचा भराव दर पावसाळ्यात डोंगरी नद्यांच्या पुरात खचतो आणि तो रात्रीत भरून काढणारी गँग आजही लागते.